मेक्सिकोची आजी आणि आपल्या सुलोचनादीदी

जून 2023 मध्ये अभिनेत्री सुलोचनादीदी गेल्या तेव्हा एक खंत सगळीकडे ऐकू आली. पद्मश्री मिळाली, महाराष्ट्र भूषण मिळालं, मग फाळके पुरस्कार का नाही? कुणी ज्येष्ठ चरित्र अभिनेता गेला की आपल्याकडे हीच चर्चा निघते. खंत खरी आहे, मलाही ती वाटते. तरी मेक्सिको सिटीत राहून माझं मत हळूहळू बदललं, आणि त्याला कारण इथल्या पडद्यावरची आजी, अभिनेत्री सारा गार्सिया.

साराबाई 1895 साली वेराक्रुस राज्यातल्या ओरिसाबा गावी जन्मल्या. मूकपटात बारीकसारीक कामं करत त्या पडद्यावर आल्या आणि 1980 मध्ये वारल्या तेव्हा शंभरावर चित्रपट नावावर होते. चाळिशीच्या आसपास, रंगमंचावर आजी खरी वाटावी म्हणून, त्यांनी स्वतःचे दात काढून घेतले. एवढी किंमत कुणी मोजावी का, याचा मला आजही निर्णय करता येत नाही. 1947 च्या ‘लोस त्रेस गार्सिया’मध्ये इथला नट पेद्रो इन्फान्ते त्यांचा नातू आहे, प्रत्यक्षात दोघांत बावीस वर्षांचंच अंतर. आपल्याकडेही देव आनंद वयाने मोठे आणि दीदी त्यांच्या आई!

पण त्या चित्रपटातली आजी बघा. चिरूट ओढते, काठी उगारते, तीन दांडगट नातवांना धाकात ठेवते. कथा तिच्याभोवती फिरते. हिंदीने दीदींना असं काय दिलं? देवघर, आजारपण आणि मुलाची वाट पाहणं. त्या तुकड्यांतही त्यांनी जीव ओतला, हे त्यांचं मोठेपण. लिहिणाऱ्यांना त्याचं श्रेय देता येणार नाही.

मेक्सिकोचंही सगळंच गोड नाही. साराबाईंचा चेहरा 1970 च्या दशकात ‘आबुएलिता’ (म्हणजे आजी) चॉकलेटच्या खोक्यावर आला, अजूनही प्रत्येक दुकानात दिसतो. त्यामुळे एका कसदार नटीची फक्त प्रेमळ म्हातारी उरण्याचा धोका होता. मात्र 1972 मध्ये, पंचाहत्तरी उलटल्यावर, ‘मेकानिका नासिओनाल’मध्ये त्यांनी शिव्या देणारी, खा-खा खाऊन मरणारी आजी रंगवली. आपल्याच प्रतिमेवर असा घाव घालायला धैर्य लागतं. आपण आपल्या पडद्यावरच्या ‘आयांना’ अशी संधी दिली नाही, हे मला पुरस्कार न देण्यापेक्षा जास्त बोचतं.

इथे विशीतल्या मुलांनाही साराबाई ठाऊक आहेत, कारण त्यांचे कृष्णधवल चित्रपट टीव्हीवर लागतच असतात. घरात जेवताना चालू असतात, संवाद पाठ होतात. जतनाच्या बाबतीत हा देश काही आदर्श नाही. 1982 मध्ये सिनेतेका नासिओनाल या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आग लागून हजारो रिळं गेली. पुण्यातही 2003 च्या आगीत जुन्या चित्रपटांचा ठेवा भस्म झाला. दुःख दोन्हीकडचं सारखंच, पण जे वाचलं ते मेक्सिकोने लोकांसमोर ठेवलं.

दीदी केवळ हिंदी नायकांच्या आई नव्हत्या. ‘वहिनींच्या बांगड्या’ (1953) त्यांच्या आहेत, ‘मोलकरीण’ (1963) त्यांची आहे, ‘मराठा तितुका मेळवावा’मधल्या जिजाऊ त्याच. परदेशात वाढलेल्या किती मराठी मुलांनी यातलं एक तरी पाहिलंय? पुरस्कारासाठी निवेदनं जरूर द्या. त्याच्या जोडीला मराठी वाहिन्यांकडे आठवड्याची एक ठरलेली वेळ मागा, स्वच्छ प्रत आणि नीट उपशीर्षकं मागा. आणि आपल्या परदेशातल्या महाराष्ट्र मंडळांनी गणेशोत्सवात ऑर्केस्ट्राच्या जागी एक संध्याकाळ ‘मोलकरीण’ला द्यावी.