ब्रिडेलने पुस्तकं जाळली नाहीत

भाचीने परवा एक फॉरवर्ड पाठवला. सारांश असा: 1620 च्या लढाईत कॅथलिक सम्राटाने चेक प्रोटेस्टंटांना हरवल्यावर येशूसंघीयांनी (जेझुइटांनी, म्हणजे एका कॅथलिक धर्मसंघाच्या लोकांनी) चेक भाषा मारली, दीडशे वर्षं चेकमध्ये कवीच झाला नाही. बेदर्झिख ब्रिडेल नावाचा येशूसंघी तर चेक पुस्तकांच्या होळ्या करायचा, लिहिलं ते सगळं उसनं आणि जगला मठात आरामात. तिने तो मेसेज वर्गाच्या ग्रुपवर टाकलाही होता, म्हणून हे लिहायला बसलो.

आधी होळ्या. पुस्तकं जाळण्यासाठी कुप्रसिद्ध झाला तो दुसराच येशूसंघी, आंतोनिन कोनियाश. तो जन्मला 1691 मध्ये. ब्रिडेल वारला 1680 मध्ये. म्हणजे आपल्या मृत्यूनंतर अकरा वर्षांनी जन्मलेल्या माणसाचं पाप ब्रिडेलच्या माथी! ब्रिडेलने काही वर्षं प्रागच्या क्लेमेंटिनुम या येशूसंघी महाविद्यालयातला छापखाना सांभाळला. तो चेक पुस्तकं छापत होता. दोघं एकाच संघाचे, एवढ्यावरून हा आरोप? एखाद्या मृत माणसावर असं काही ढकलताना निदान सनावळी तरी बघायची होती.

हो, पुस्तकं जाळली गेली. 1627 च्या नव्या राज्यघटनेनंतर प्रोटेस्टंटांना धर्म बदला किंवा देश सोडा असं सांगितलं गेलं, कोमेन्स्कीसारखा विद्वान परागंदा झाला. ब्रिडेल त्याच व्यवस्थेचा मिशनरी होता. हे नाकारून चालणार नाही.

पण 'कवीच झाला नाही' हे धादांत खोटं. कवी-संगीतकार आदाम मिख्नाची चेक गीतं 1647 पासून छापली जात होती. साहित्य-इतिहासकार योसेफ वाशित्साने 1938 मध्ये या काळच्या चेक साहित्यावर अख्खं पुस्तक लिहिलं, ब्रिडेल त्यात मानाने आहे. आणि येशूसंघी गेले तिथली भाषा मेली असं मराठी माणसाने तरी म्हणू नये. त्याच संघाच्या थॉमस स्टीफन्सचं ख्रिस्तपुराण 1616 मध्ये गोव्यात मराठी ओव्यांत छापलं गेलं.

उसनं? काही पुस्तकं भाषांतरं आहेत, मान्य. पण 1658 ची 'देव काय? माणूस काय?' ही दीर्घ कविता वाचा. देवाला तो खोलपणाच नसलेला खोलपणा म्हणतो, आणि लगेच शेजारी नाशवंत, क्षुद्र माणूस उभा करतो. कडव्यामागून कडवं हीच झटापट चालते.

राहिलं 'आरामात'. शेवटची जवळपास वीस वर्षं तो खेड्यापाड्यांतून मिशनरी म्हणून फिरला. 1680 मध्ये कुत्ना होरा इथे प्लेगच्या रुग्णांची शुश्रूषा करताना त्यालाही प्लेग झाला आणि त्यातच तो गेला.