सही केली ना, मग भर!

कर्ज थकल्याची कुठलीही बातमी उघडा, खाली हे वाक्य असतंच: "सही करताना डोळे उघडे होते ना? मग भर आता." त्याला जोडून कुणी शहाणा रोमन कायद्याचा हवाला देतो. करार म्हणजे पवित्र वस्तू, पाश्चात्त्य कायदा त्याच पायावर उभा आहे, वगैरे. दयामाया बाजूला ठेवू, पण इतिहास म्हणून तरी हे अर्धवट आहे. त्या कायदेपंडितांनी डोकं झिजवलं ते बहुतांशी सावकाराचा हात कुठे अडवायचा यावर.

रोमची सुरुवात भयंकर होती हे खरं. इ.स.पू. ४५० च्या सुमाराच्या बारा फलकांच्या कायद्यात निकालानंतर ३० दिवसांची मुदत होती. मग सावकार ऋणकोला धरून नेई आणि बेड्या घाली. ६० दिवस कोठडी. त्यात लागोपाठ तीन बाजारांच्या दिवशी त्याला चारचौघांत उभं करून कर्जाचा आकडा पुकारायचा, कुणी सोडवायला येतंय का बघायला. (लोन अ‍ॅपवाले मोबाइलमधल्या झाडून सगळ्या नंबरांवर 'अमुक माणूस थकबाकीदार आहे' असे मेसेज टाकायचे, ते याहून फार वेगळं नव्हतं. रिझर्व्ह बँकेने २०२२ मध्ये कॉन्टॅक्ट लिस्टला हात लावायलाच मनाई केली.) कुणीच नाही आलं तर टायबर नदीपलीकडे गुलाम म्हणून विक्री, नाहीतर मृत्यू. सावकार अनेक असतील तर देहाचे तुकडे करून घ्यावेत असंही कलम होतं. ते कुणावर चालवल्याचं मी वाचलंही नाही आणि ऐकलंही नाही, असं औलस गेलियस या रोमन लेखकाच्या ग्रंथातला एक कायदेपंडित म्हणतो.

पुढे इ.स.पू. ३२६ मध्ये, रोमन इतिहासकार लिव्हीच्या सांगण्यानुसार, बापाच्या कर्जापायी राबणाऱ्या एका कोवळ्या पोरावर सावकाराची वाईट नजर गेली. पोरगा बधला नाही म्हणून त्याला फटके मारले. लोक खवळले आणि कायदा झाला: कर्जाला ऋणकोची मालमत्ता बांधील, देह नाही. कोठड्या लगेच ओस पडल्या असं नाही, पण तत्त्व ठरलं.

मग प्रश्न आला मालमत्तेचा. शंभराच्या कर्जाला तीनशेचं तारण ठेवलं आणि मुदत चुकली, तर सगळं सावकाराचं? करारात तसं लिहून घ्यायची रीत होतीच. चौथ्या शतकात सम्राट कॉन्स्टंटाईनने ती अटच रद्द ठरवली, ऋणकोची सही असली तरी. तारण विकून वर आलेले पैसे ऋणकोला परत द्यायचे, हा नियम तर त्याआधीच्या पंडितांनी बसवलेला होता. इ.स. ५३३ मध्ये सम्राट जस्टिनियनने या पंडितांची मतं एकत्र करून जो महाग्रंथ लागू केला, त्यात ताबेगहाण (वस्तू सावकाराच्या ताब्यात) आणि नजरगहाण (वस्तू ऋणकोकडेच) दोन्हींवर पानंच्या पानं आहेत.

त्याच ग्रंथात आपल्याला चकित करणारी एक गोष्ट सापडते. थकलेलं व्याज मुद्दलाइतकं झालं की त्यापुढे मागता येत नाही. हे आपल्या धर्मशास्त्रातलं दामदुपटच की! कुणी कुणाकडून घेतलं असं मी म्हणत नाही. पण दोन्हीकडच्या शास्त्र्यांना चक्रवाढीची भूक सारखीच ठाऊक होती. दक्षिण आफ्रिकेत हा रोमन नियम डच कायद्यामार्फत पोचला आणि आजही चालतो.

आता 'दिलेला शब्द म्हणजे शब्द' या तत्त्वाकडे येऊ. रोमन कायद्यात नुसत्या बोलण्यावर सहसा दावाच चालत नसे. बाराव्या-तेराव्या शतकातले, इटलीतल्या बोलोन्याचे रोमन कायद्याचे भाष्यकार तर अशा कराराला नागवा म्हणत. कोर्टात यायचं तर आधी अंगावर कायद्याचं वस्त्र, म्हणजे कायद्याने मानलेलं स्वरूप, हवं. नुसतं वचनही बांधील धरलं ते चर्चच्या कायदेपंडितांनी. पोप नववा ग्रेगरी याच्या १२३४ च्या संग्रहात ते आहे, आणि त्याच संग्रहात व्याजखोरीविरुद्ध स्वतंत्र प्रकरणही आहे. उघड व्याजखोराला ख्रिस्ती दफनसुद्धा मिळू नये, असं चर्चच्या ११७९ च्या लॅटरन परिषदेत ठरलं होतं. वचनाला पवित्र करणारी मंडळी ही अशी होती. आजचे लोक यातलं पहिलं वाक्य उचलतात आणि दुसरं सोयीने गाळतात.

आपल्याकडेही नेमकं असंच गाळलेलं आलं. इंग्लंडने १८५४ मध्ये व्याजावरची मर्यादा उठवली, पाठोपाठ १८५५ मध्ये हिंदुस्थानातही उठली. करारात जो दर लिहिला असेल तो खरा. कुणब्याचा अंगठा असलेलं कर्जखत कोर्टात गेलं की वसुलीचा हुकूमनामा सावकाराच्या हातात. दामदुपट तेवढं आडवं येई, पण दाव्याची मुदत संपत आली की व्याज मुद्दलात घालून नवं खत करून घ्यायचं, म्हणजे तेही निकालात. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात दंगा उसळला आणि पुढे गावोगाव लोकांनी सावकारांकडची हीच खतं शोधून जाळली. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने कोर्टाला खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासायला लावलं. पैशाच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणंही बंद केलं. म्हणजे दंगा व्हावा लागला, तेव्हा कुठे 'सही म्हणजे सही'ला मुरड पडली.

तारणापुरतं मात्र रोमचं शहाणपण आपल्या कायद्यात शाबूत आहे. शाकुंतलाचा इंग्रजी अनुवाद करणारा विल्यम जोन्स कलकत्त्याला यायच्या आधी, १७८१ मध्ये, ठेव आणि तारण यांवर रोमन पंडितांच्या आधाराने पुस्तक लिहून बसला होता. तेच शहाणपण बघायचं तर आपल्या १८७२ च्या करार कायद्याचं कलम १७६ वाचा. तारण विकण्याआधी वाजवी नोटीस द्यायची, आणि विक्रीत थकलेल्या रकमेपेक्षा जास्त मिळालं तर ते तारण ठेवणाऱ्याला द्यायचं. कलम १७७ प्रमाणे प्रत्यक्ष विक्री होईपर्यंत पैसे भरून वस्तू सोडवता येते.

तेव्हा गोल्ड लोनमध्ये कुणाचे दागिने लिलावात गेले असतील, तर किती ग्रॅम, काय भावाने, आणि वरचे किती उरले, याचा हिशेब लेखी मागा. तो मागताना कुणी "सही केली होती ना" म्हणालं, तर खुशाल म्हणू द्या.