‘असू दे’नंतरच्या ४८ फ्रेम्स

“डायरेक्शन मिळालं नाही म्हणून एडिटिंग घेतलंस का गं?” भाचीला पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाला प्रवेश मिळाला, त्या दिवशी घरच्या ग्रुपवर काकांनी हे विचारलं. वर लिहिलं, “कापाकापी करणाऱ्याला कोण ओळखतं?” चार जणांनी अंगठे दिले. माझी इथली, अमेरिकेतली, सगळी सकाळ त्या अंगठ्यांत गेली.

काका, रेणू सलुजांनाही डायरेक्शनच हवं होतं. मिळालं नाही. त्याच इन्स्टिट्यूटमध्ये त्या संकलन शिकल्या आणि १९८३ साली आलेले ‘जाने भी दो यारों’ आणि ‘अर्धसत्य’ हे दोन्ही सिनेमे त्यांनी संकलित केले. ‘अर्धसत्य’ तुम्ही आजही बघता. त्यातल्या पोलीस अधिकारी वेलणकरचा कोंडलेला राग तेंडुलकरांनी लिहिला, ओम पुरींनी डोळ्यांत आणला. पण ते डोळे आपण किती वेळ बघायचे, हे एडिटिंग टेबलवर ठरलं. पुढे ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’, ‘गॉडमदर’ यांसाठी चार राष्ट्रीय पुरस्कार. २००० साली, ४८व्या वर्षी त्या गेल्या. तुम्हाला नाव माहीत नाही, हा त्यांचा कमीपणा नव्हे.

इथे हॉलिवूडजवळच्या बरबँकमध्ये मी संकलनच करतो, आणि मला असं कुणी विचारत नाही. थेल्मा शूनमेकरना संकलनाची तीन ऑस्कर आहेत, आणि दिग्दर्शक स्कॉर्सेसींचा सिनेमा म्हटला की जाणकार त्यांचंही नाव घेतात. लोकल ७००चं, म्हणजे संकलकांच्या युनियनचं, कार्ड खिशात असतं, आरोग्यविमा चालू राहण्यासाठी लागणारे कामाचे ४०० तास सहा महिन्यांत भरले की घरी निवांत झोप लागते. हे मी ग्रुपवर लिहिलं. धाकट्या भावाने लगेच उत्तर दिलं: २०२२मध्ये तुमच्या ऑस्करवाल्यांनी संकलनाचं बक्षीस थेट प्रक्षेपणाआधीच उरकलं होतं ना? हो, उरकलं. पण लोक चिडले, आणि पुढच्या वर्षी ते पुन्हा थेट प्रक्षेपणात आलं. आपल्याकडे चिडायचं कुणी, काका?

एवढं सगळं लिहिलं, पण एक गोष्ट तिथे लिहिली नाही. वीस वर्षांत मी एकही मराठी सिनेमा संकलित केलेला नाही. मागच्या वर्षी पुण्याच्या एका मित्राने त्याच्या सिनेमातला एक प्रसंग हौसेने पाठवला. स्वयंपाकघरात सून सासूला “असू दे” म्हणते आणि पाठ फिरवते. त्यानंतर दोन सेकंद काहीच घडत नाही. मी त्या ४८ फ्रेम्स काढून टाकल्या. इथे कुणीही काढल्या असत्या. मित्राने फोन केला. “अरे, ती अजून रागावलेली आहे. तू तिला रागावूच दिलं नाहीस.”

आई असंच म्हणायची. मी सुट्टी रद्द केली की फोनवर “असू दे”, आणि मग बराच वेळ नुसता पंख्याचा आवाज.

त्या रात्री मी फ्रेम्स परत जोडल्या. भाचीला मी ग्रुपवर नाही, वेगळा फोन करणार आहे. तिने काकांना उत्तर देण्यात वेळ घालवू नये. पुण्यातच राहावं, आणि पहिला सिनेमा मराठीत करावा.