मिटलं, तरी केस चालूच

नवरा-बायकोचं मिटलं, वकिलांसमोर सह्या झाल्या, दागिने मोजून परत दिले, तरी ४९८अ ची, म्हणजे सासरच्या छळाची केस संपत नाही. हे बहुतेकांना केस अंगावर आल्यावरच कळतं. माझ्या नात्यातली एक मुलगी सध्या यातून जातेय. तिचा प्रश्न सरळ आहे: "फिर्याद मी दिली, मग मागे मला का घेता येत नाही?"

कारण फिर्याद तिची असली तरी खटला सरकारचा असतो, आणि हे कलम तडजोडीने मिटणाऱ्या गुन्ह्यांत नाही. १ जुलै २०२४ पासून ते भारतीय न्याय संहितेत कलम ८५ झालं, पण ही अडचण तशीच राहिली. त्याच एफआयआरमधली साधी मारहाण आणि शिवीगाळ खालच्या कोर्टात मिटते, छळाचं कलम तेवढं उरतं. शेजारीपाजारी सांगतात, लोकअदालतीत टाका. तिथेही तडजोड न होणारे गुन्हे घेता येत नाहीत.

मग एक रस्ता हायकोर्टाचा. समझोता खरा असेल तर हायकोर्ट अशी केस रद्द करू शकतं, हे सुप्रीम कोर्टाने २००३ मध्ये बी. एस. जोशी खटल्यात आणि २०१२ मध्ये ग्यान सिंग खटल्यात सांगितलं. सोलापूरकरांसाठी आधी हायकोर्ट म्हणजे रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस आणि मुंबई. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच झालं, मंगळवेढा-सांगोला-मिरज करत जाता येतं, हा मोठाच दिलासा. पण टॉवेलच्या कारखान्यात शिलाई करणाऱ्या बाईला हायकोर्टाच्या वकिलाची फी आणि बुडालेली हजेरी परवडते का?

परवडत नाही, म्हणून दुसरा रस्ता. तो सगळ्यांना माहीत आहे, बोलत कुणी नाही. ती साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहते, शपथ घेते आणि सांगते, "मला काही आठवत नाही, पोलिसांनी काय लिहिलं ते माहीत नाही." सरकारी वकील तिला फितूर ठरवतात, सगळे सुटतात. मला याचा फार राग येतो. तिने माफ केलं किंवा ती वेगळी झाली, म्हणून तिने खाल्लेला मार खोटा होत नाही. पण कायदा तिला शपथेवर खोटं बोलायला लावतो, आणि नंतर पेठेतली माणसं म्हणतात, "बघा, केस खोटीच होती."

त्यात पैशांची गाठ वेगळीच. संमतीच्या घटस्फोटात पोटगीची एकरकमी रक्कम हप्त्यांनी ठरते आणि शेवटचा हप्ता बऱ्याचदा "केस रद्द झाल्यावर" असा लिहितात. केस लांबली की हप्ता लांबला. नुकसान तिचंच.

तडजोडीची मुभा दिली तर बायकांवर दबाव येईल, असं काही कार्यकर्त्या म्हणतात. ही भीती मला खरी वाटते. "कर सही, मिटवून टाक," असं माहेरचेच म्हणताना मी ऐकलंय. पण दबाव आजही आहेच, आणि खालच्या कोर्टात तो आहे का हे तिला कुणी विचारत नाही. मॅजिस्ट्रेटच्या परवानगीने मिटवता आलं, तर तिला एकटीला चेंबरमध्ये बसवून विचारता येईल. सासरचं-माहेरचं कुणी नको, वकीलही नको. हुंडाबळी यातून पूर्ण बाहेर ठेवा.

हे नवीन नाही. आपल्या सोलापूरच्या पूर्वभागातल्या कितीतरी पद्मशाली, म्हणजे तेलुगू विणकर घरांची सोयरीक ज्या मुलखाशी आहे, त्या तेव्हाच्या अखंड आंध्र प्रदेशाने २००३ मध्येच अशी दुरुस्ती केली होती: कोर्टाची परवानगी हवी आणि अर्जानंतर किमान तीन महिने थांबायचं, त्या काळात मन बदललं तर तडजोड नाही. विधी आयोगाने २०११ च्या २३७ व्या अहवालात हेच सुचवलं, २०२२ मध्ये मुंबई हायकोर्टानेही केंद्राला विचार करायला सांगितलं. फौजदारी प्रक्रिया समवर्ती सूचीत, म्हणजे केंद्र आणि राज्य दोघांनाही कायदा करता येतो अशा विषयांत असल्याने महाराष्ट्रालाही राष्ट्रपतींच्या संमतीने ही दुरुस्ती करता येईल. आपल्या जिल्ह्यातल्या आमदारांनी हा विषय विधानसभेत मांडावा, ही माझी हात जोडून विनंती आहे.

तोवर ज्यांच्या घरी समझोता लिहिला जातोय त्यांनी एवढं बघा. शेवटच्या हप्त्याची रक्कम आधीच कोर्टात जमा करून घ्या. स्त्रीधनाची यादी वस्तूवार लिहा. आणि मुलीने मराठीत किंवा तेलुगूत, तिला कळेल त्या भाषेत, पूर्ण मसुदा ऐकल्याशिवाय तिची सही घेऊ नका.