डीएमएक्सने चमचमाट संपवला म्हणे!

अमेरिकन रॅपर डीएमएक्सच्या पहिल्या अल्बमचा विषय निघाला की एक ठरलेलं वाक्य कानावर पडतंच: या माणसाने रॅपर-निर्माता पफ डॅडीचा चमचमता जमाना संपवला. मला हे काही पटत नाही.

काळ तसा होता, हे मान्य. सप्टेंबर 1996 मध्ये बडा रॅपर टूपाक मारला गेला, मार्च 1997 मध्ये त्याच्याच तोडीचा बिगी. मग न्यूयॉर्कच्या रॅपवर पफ डॅडी आणि त्याचा साथीदार रॅपर मेस यांचं राज्य. चकाकणारे सूट, जुन्या हिट गाण्यांचे उचललेले तुकडे, सगळीकडे पार्टी. अशात 19 मे 1998 ला न्यूयॉर्कजवळच्या यॉन्कर्सचा अर्ल सिमन्स, म्हणजेच डीएमएक्स, ‘इट्स डार्क अँड हेल इज हॉट’ हा अल्बम घेऊन आला. वय 27, म्हणजे नवखा मुळीच नव्हे. आधी एका मोठ्या कंपनीकडून सिंगल काढून झालं होतं, त्याला कुणी हिंग लावून विचारलं नव्हतं. या वेळी पहिल्याच आठवड्यात अडीच लाखांवर प्रती खपल्या आणि अल्बम थेट पहिल्या क्रमांकावर.

पण चमचमाट संपला कुठे? 1999 मध्ये न्यू ऑर्लिन्सच्या कॅश मनी या रॅप कंपनीवाल्यांनी ‘ब्लिंग ब्लिंग’ (चकाकते दागिने) हा शब्दच जगाच्या तोंडी बसवला. पैशाचा दिखावा उलट वाढला. डीएमएक्सचं काम वेगळं आहे: त्याने पापाची भीती आणि देवाचा धावा चार्टच्या डोक्यावर नेऊन बसवला, तेही क्लबात वाजेल अशा बीटवर.

या अल्बममधलं सगळे ‘रफ रायडर्स अँथम’ हे गाणं धरून बसतात. विशीही न गाठलेल्या स्विझ बीट्झ या निर्मात्याचा त्यातला कीबोर्ड खुद्द डीएमएक्सला आधी आवडला नव्हता! गाणं भारीच आहे. पण अल्बमचा जीव आहे ‘डेमियन’ या गाण्यात. माणूस आणि सैतान, दोन्ही आवाज डीएमएक्सचेच. सैतान आधी लाडीगोडी लावतो, पैसा देतो, पाठीशी उभा राहतो आणि मग हळूच वसुलीला येतो: मित्राला संपव. गंमत म्हणजे यातला सैतानाचा आवाज बारीक आणि लाघवी आहे. खरखरीत, गुरगुरता आवाज माणसाचा. शेवटाकडे ‘प्रेयर’मध्ये बीटच नाही. भावाला उजेड दिसावा म्हणून मला मरेपर्यंत दुःख दे, असं मागणं. लगेच ‘द कॉन्व्हो’मध्ये देवाशी हुज्जत, आणि देव सांगतो, बंदूक ठेव, लिही.

सगळंच डोक्यावर घेऊ नका मात्र. ‘एक्स-इज कमिंग’मधली बलात्काराची धमकी घाणेरडी आहे, तेव्हाही होती. ‘तो काळच तसा’ म्हणून मी ती झाकणार नाही; ते गाणं आलं की सरळ पुढे जातो. 19 ट्रॅकांमधले तीन-चार कापले असते तरी काही बिघडलं नसतं.

त्याच डिसेंबरात दुसरा अल्बम आला, तोही पहिल्या क्रमांकावर. ‘डेमियन’ची गोष्ट तिथे पुढे सरकते, सोबतीला रॉक गायक मॅरिलिन मॅन्सनही आहे, पण मूळ गाण्याच्या पासंगालाही ती पुरत नाही.