माऊंट चर्चिलची राख आणि आयर्लंड: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. माझ्या लेखावरच्या सविस्तर प्रतिक्रियेबद्दल आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: अलास्कातल्या माऊंट चर्चिल या ज्वालामुखीची राख आयर्लंडपर्यंत पोचली ही ऐकीव गोष्ट आहे, एवढा उद्रेक झाला असता तर जगभर थंडी-दुष्काळाच्या नोंदी असत्या, आणि हजार वर्षं गप्प असलेला डोंगर सह्याद्रीसारखा मेलेलाच समजावा.

आधी राखेचं बघू. आयर्लंडच्या दलदलीत, पीटच्या (अर्धवट कुजलेल्या वनस्पतींच्या) थरांत, नुसत्या डोळ्यांना न दिसणारे काचेचे कण संशोधकांना पूर्वीच सापडले होते. ‘एडी860बी’ असं त्यांचं बारसंही झालं, पण ते नेमके कुठल्या ज्वालामुखीचे याचा पत्ता नव्हता. अशा काचेत सिलिका, लोह, पोटॅशियम यांचं प्रमाण उद्रेकागणिक बदलतं. 2014 मध्ये ही मापं कॅनडातलं युकॉन आणि अलास्का इथल्या ‘व्हाइट रिव्हर’ राखेशी, म्हणजे चर्चिलच्याच राखेशी, ताडून पाहिली, ती जुळली. तेच कण ग्रीनलंडच्या बर्फातही आहेत, आणि तिथे वर्षावर्षाचे थर मोजता येत असल्याने उद्रेक इ.स. 853 च्या आगेमागे झाला हे कळतं. (आपल्याकडे तेव्हा राष्ट्रकूट अमोघवर्ष गादीवर होता.) युकॉनमध्ये तर सूक्ष्मदर्शकही लागत नाही. रस्त्यासाठी कापलेल्या दरडीत, गवताच्या मुळांखाली, पांढरा पट्टा सरळ दिसतो.

थंडीचा मुद्दा मात्र झकास काढलात. राख सुमारे 50 घन किलोमीटर, म्हणजे फिलिपिन्समधल्या पिनाटुबो ज्वालामुखीच्या 1991 च्या उद्रेकाच्या चार-पाच पट. तरी जग गारठलं नाही, कारण हवामान बिघडवतो तो गंधक. राख लवकर खाली बसते. सल्फर डायऑक्साइडपासून बनलेले बारीक थेंब वर्ष-दोन वर्षं वर तरंगत ऊन अडवतात. या उद्रेकात गंधक आकाराच्या मानाने कमी होता. तेव्हा बखरींत काही सापडत नाही एवढ्यावरून उद्रेकच नाकारता येत नाही.

आता सह्याद्री. त्याचे लाव्हाथर साडेसहा कोटी वर्षांहून जुने, आणि खालचा पुरवठा केव्हाच तुटलेला. चर्चिलच्या मुलखात समुद्राकडचं भूपट्ट आजही खंडाखाली घुसतंय. शिवाय या उद्रेकाआधी काही शतकं त्याच डोंगराने आणखी एक मोठा स्फोट केला होता, त्याची राख उत्तरेकडे गेली. पिनाटुबोसुद्धा पाचेकशे वर्षं झोपून मगच उठला.

राखेमुळे डेने लोक (तिकडचे मूळ रहिवासी) दक्षिणेकडे सरकले आणि त्यांच्यातूनच पुढे अमेरिकेच्या नैऋत्येतले नव्हाहो आले, यावरही तुम्ही शंका घेतलीत; याला मी लेखात ‘कयास’च म्हटलंय. दोन्ही भाषा एकाच कुळातल्या, एवढं पक्कं. स्थलांतराचं कारण राखच होती हे सिद्ध झालेलं नाही, तिथे तुमची शंका रास्त आहे.