साठ हप्ते आणि पाव किलो पेढे

गेल्या मंगळवारी मी पेढ्यांचा पुडा घेऊन बँकेत गेलो. पेढे बँकेसाठी नव्हते. ते घरासाठीच होते, परंतु आमच्या रस्त्यावर मिठाईचे दुकान आधी लागते आणि बँक नंतर, एवढेच. निमित्त असे, की जानेवारी २०२१ मध्ये घेतलेल्या गृहकर्जाचा साठावा हप्ता नुकताच खात्यातून गेला होता. कर्ज वीस वर्षांचे, त्यातली पाच वर्षे संपली, म्हणजे चौथा हिस्सा फिटला, हे त्रैराशिक मी स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून पत्नीला समजावून सांगितले होते आणि पाव कर्जाला पाव किलो पेढे हे प्रमाणही मीच ठरवले होते. बँकेतून फक्त प्राप्तिकरासाठी लागणारा व्याजाचा दाखला घ्यायचा होता.

कर्ज विभागातल्या मॅडमनी खाते क्रमांक टाकला. दोन शब्द कौतुकाचे ऐकायला मिळावेत, या आशेने मी सहज विचारल्यासारखे विचारले, "आता एकशे ऐंशीच राहिले ना?"

"नाही सर. दोनशे पासष्ट."

"दोनशे पासष्ट काय?"

"हप्ते."

२४० हप्त्यांतून ६० हप्ते वजा केले असता २६५ उरतात, ही वजाबाकी मला कोणत्याच इयत्तेत शिकवलेली नव्हती. चुकून दुसऱ्या कुणाचे खाते उघडले असावे, असे मी नम्रपणे सुचवले. मॅडमनी तितक्याच नम्रपणे पडदा माझ्याकडे वळवला. नाव माझेच होते. कर्ज ४०,००,००० रुपये. हप्ता ३१,०१२ रुपये. आजवर भरलेली रक्कम १८,६०,७२० रुपये. त्यापैकी व्याज १६,३७,०६८ रुपये आणि मुद्दल २,२३,६५२ रुपये. म्हणजे पाच वर्षे दर महिन्याच्या पाच तारखेला खाते रिकामे करून बँकेच्या चाळीस लाखांतले जे काही मी सोडवून घेतले होते, त्यात फार तर कपडे धुण्याच्या यंत्रापुरती ड्राय बाल्कनी बसली असती.

"तुमचं फ्लोटिंग आहे ना, सर," मॅडम म्हणाल्या. डॉक्टर रोगाचे नाव सांगून गप्प होतात, तशा त्या एवढे बोलून दाखला छापण्यासाठी उठून गेल्या.

"वाढले की कमी झाले?" शेजारच्या खुर्चीतून आवाज आला.

तिथे एक वयस्कर गृहस्थ बसले होते. अंगात इस्त्रीचा पांढरा शर्ट, खिशात शाईचे पेन, मांडीवर प्लास्टिकची पिशवी, पिशवीत दुसरी प्लास्टिकची पिशवी आणि तिच्यात मुदत ठेवीच्या पावत्या. आमचे संभाषण त्यांनी पहिल्यापासून ऐकले होते आणि ते लपवण्याची त्यांना काही गरज वाटत नव्हती.

"वाढले," मी म्हणालो.

"भरूनसुद्धा?"

"भरूनसुद्धा."

"वा!" ते म्हणाले. ही दाद मला होती की बँकेला, हे कळायला मार्ग नव्हता. "मी पाटबंधारे खात्यात होतो. आमच्याकडे धरणातून पाणी सोडलं की पातळी खाली जायची. तुमचं कसं काय वर गेलं?"

प्रश्न तांत्रिक होता आणि विचारणारा माणूस जाणकार होता, त्यामुळे मला उत्तर देणे भाग पडले. मी त्यांना सांगितले, की कर्ज घेतले तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने कर्ज देते तो, ४ टक्के होता आणि त्यावर आमची बँक आपले ३ टक्के लावून माझ्याकडून ७ टक्के घेत होती. पुढे मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो दर चढत चढत साडेसहावर गेला आणि माझा दर फ्लोटिंग, म्हणजे रेपोबरोबर खालीवर होणारा, असल्यामुळे तोही साडेनऊवर. व्याज शिल्लक मुद्दलावर आकारले जाते आणि हप्त्यातून आधी वसूल होते, उरेल ते मुद्दलात जाते. पहिल्या महिन्याच्या ३१,०१२ रुपयांतून निदान ७,६७९ रुपये मुद्दलात गेले होते. साडेनऊ टक्क्यांच्या काळात मात्र महिन्याला जेमतेम सातशे रुपये जाऊ लागले.

"नक्की किती?" धरणाच्या माणसाला 'जेमतेम' हे परिमाण चालत नसावे.

"पहिल्या महिन्यात सातशे सत्तावीस."

"एकतीस हजारांतून सातशे सत्तावीस," ते सावकाश म्हणाले आणि आनंदाने त्यांचे डोळे बारीक झाले. "म्हणजे तेवीस साल. अहो, तेवीस साल म्हणजे सोन्यासारखं वर्ष! माझी ठेव साडेसातनं चालली होती. ज्येष्ठ नागरिक म्हणून अर्धा टक्का जास्त धरून बरं का. मुलीकडे जाऊन आलो, मोतीबिंदू काढून घेतला. तुम्हाला कसं गेलं ते वर्ष?"

मला ते कसे गेले हे सांगायला मी तोंड उघडले. परंतु त्यांच्या मनात एक हिशोब सुरू झाला होता.

"थांबा. तुम्ही साडेनऊ देत होता. मला साडेसात मिळत होते. मग मधले दोन?"

आम्ही दोघांनी एकदमच दाखला घेऊन परतणाऱ्या मॅडमकडे पाहिले. मॅडमनी वर, एसीकडे पाहिले. तो त्या दोन टक्क्यांवर चालत असावा; हवा खरोखरच गार होती.

"म्हणजे आमचा मोतीबिंदू तुमच्याच व्याजातून निघाला म्हणायचा," ते म्हणाले आणि चक्क हात जोडून त्यांनी मला नमस्कार केला. आता मात्र, रेपो दर सव्वापाचवर आल्यापासून, त्यांचे दिवस वाईट आले होते. नव्या पावतीवर पावणेसातच मिळणार होते. माझा दर साडेनऊवरून सव्वाआठवर उतरला, या बातमीने त्यांचा चेहरा उतरला. "तुमच्यासारख्यांचं भलं झालं," ते म्हणाले. पाच वर्षांत पहिल्यांदाच माझे भले झाल्याचे कुणी मला सांगत होते, आणि तेही आरोप केल्यासारखे.

हे सगळे मला आधी माहीत नव्हते का, असा प्रश्न वाचकाला पडेल. पत्नीलाही पडला. दर वाढले हे मला ठाऊक होते, परंतु हप्ता मात्र पहिल्या दिवसापासून ३१,०१२ रुपयांवरून एक रुपयाही हलला नव्हता आणि बँक आपल्यावर मेहेरबान आहे, अशी माझी प्रामाणिक समजूत होती. वस्तुस्थिती अशी, की कर्ज ठरल्या मुदतीत फिटायचे तर एप्रिल २०२३ मध्ये माझा हप्ता सव्वासदतीस हजारांच्या घरात जायला हवा होता. तो गेला असता तर मी त्याच दिवशी शाखेत येऊन आवाज चढवला असता, चार ठिकाणी चौकशी केली असती, कदाचित कर्ज दुसऱ्या बँकेत हलवले असते. त्याऐवजी बँकेने वर्षे वाढवली. वर्षे वाढली की कुणाच्या खिशाला आज चाट बसत नाही. ती २०४५ सालच्या माझ्या खिशाला बसते, आणि तो साठी उलटलेला माणूस तक्रार करायला आज शाखेत येऊ शकत नाही. हा सगळा व्यवहार त्याच्या परस्पर झाला, याचा मला विनोद सोडून खरोखर राग आहे.

बँकेने कळवले नव्हते, असेही म्हणता येत नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने फर्मान काढले, की दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडेथोडे करायचे, हे कर्जदाराला विचारले पाहिजे आणि दर तिमाहीला किती मुद्दल फिटले, किती व्याज गेले, किती हप्ते उरले हे दाखवणारे विवरण त्याला दिले पाहिजे. तशी विवरणे मला ईमेलने येत होती. ती उघडण्यासाठी नावाची पहिली चार अक्षरे आणि जन्मतारीख असा पासवर्ड लागतो. कर्जावरचे माझे नाव वडिलांच्या नावापासून सुरू होते की आडनावापासून, हा प्रश्न तीन प्रयत्नांत न सुटल्यामुळे मी तो सोडून दिला. वाढदिवसाच्या शुभेच्छा मात्र बँक दरवर्षी बिनपासवर्डाच्या पाठवते.

घर घेताना मी अगदीच बेसावध होतो असे नाही. उलट फार हुशारी केली होती. तेव्हा राज्य सरकारने मुद्रांक शुल्कात सवलत दिली होती आणि जानेवारी ते मार्च २०२१ मध्ये ती २ टक्के होती. पन्नास लाखांच्या घरावर १ लाख रुपये वाचले म्हणून मी नातेवाइकांत मिरवत होतो. खालच्या मजल्यावरच्या हितचिंतकांनी तर कर्ज हे कर वाचवण्याचे साधन आहे, असेच माझ्या मनावर बिंबवले होते. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचा त्यातून उपकरासह ४१,६०० रुपये कर वाचतो. एवढे वाचवण्यासाठी साडेनऊ टक्क्यांच्या वर्षी मी साडेतीन लाखांहून अधिक व्याज भरत होतो, आणि तरीही विवरणपत्र भरताना जिंकल्यासारखे वाटत असे. नव्या प्रणालीत तर राहत्या घराला ती वजावटही नाही. शंभर रुपयांच्या नोटा जाळून त्यावर चहा करायचा आणि गॅस वाचला म्हणायचे, असा तो प्रकार होता.

"फिटणार कधी मग?" शेजारच्या गृहस्थांनी विचारले.

"फेब्रुवारी दोन हजार अठ्ठेचाळीस. मी पासष्टचा असेन. तेवीस साली दर होता तसाच राहिला असता, तर त्या वेळी चारशे शहात्तर महिने उरले होते. म्हणजे डिसेंबर दोन हजार बासष्ट. वय वर्षे ऐंशी."

"मला परवाच ऐंशी पूर्ण झाली," ते उत्साहाने म्हणाले. "बघा, पोहोचतो माणूस तिथवर. गोळ्या वेळेवर घ्यायच्या." मग पुड्याकडे बोट दाखवून त्यांनी विचारले, "हे कशाबद्दल?"

पाव कर्ज फिटल्याबद्दल, असे सांगण्याचा धीर मला झाला नाही. मी पुडा सोडून पुढे केला. "मला साखर आहे," असे म्हणून त्यांनी दोन पेढे घेतले. "दीर्घायुषी व्हा," ते तोंड भरलेले असताना म्हणाले; असा आशीर्वाद मला पूर्वीही मिळालेला आहे, परंतु त्यात बँकेचा इतका सरळ हितसंबंध कधी नव्हता.

मी मॅडमच्या गणकयंत्रावर गुणाकार केला. भरलेले ६० आणि उरलेले २६५ मिळून ३२५ हप्ते, गुणिले ३१,०१२. उत्तर एक कोटीच्या वर गेले. खरे सांगायचे तर सात टक्क्यांनी वीस वर्षांतच सगळे फिटले असते, तरी ७४,४२,८८० रुपये झाले असते. तो गुणाकारही मी पाच वर्षांपूर्वी केला नव्हता. त्या वेळी बिल्डरच्या कार्यालयात माझ्यापुढे हप्त्याचा आकडा होता, टाइल्सचे नमुने होते आणि लिंबू सरबत होते.

मग मॅडमना बहुधा माझी दया आली असावी. त्यांनी आवाज खाली आणून सांगितले, "सर, बाहेर फलक बघितला का? नवीन ग्राहकांना साडेसात टक्के चालू आहे. तुम्हालाही मिळेल. फक्त अर्ज द्यावा लागतो."

"फक्त अर्ज?"

"आणि पाच हजार रुपये. अधिक जीएसटी."

म्हणजे ५,९०० रुपये भरायचे आणि उरलेले २६५ हप्ते २३० वर येणार; ३५ हप्ते, पावणेअकरा लाखांहून अधिक रुपये. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवलेल्या माणसाला काल दारात आलेल्या माणसाएवढा दर हवा असेल तर त्याने दंड भरायचा, ही रीत कोणी काढली हे मला ठाऊक नाही. मी आणखी विचारले, की माझ्याजवळचे १ लाख आज भरले तर? फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर आगाऊ परतफेडीचा दंड नाही, एवढे मला माहीत होते. मॅडमनी हिशोब केला : सध्याच्या दराने सुमारे अठरा हप्ते कमी होतील. हे ऐकून मला आनंद व्हायला हवा होता. मला आठवला तो गेल्या दिवाळीत घेतलेला टीव्ही, जो या हिशोबाने मला माझ्या दीड वर्षाच्या नोकरीला पडला होता. "पण सर, भरण्यापेक्षा टॉप-अप, म्हणजे याच घरावर आणखी कर्ज, का घेत नाही? तुमचा रेकॉर्ड फार छान आहे," असे त्या शेवटी म्हणाल्याच.

दर बदलण्याचा अर्ज दोन पानी होता. काउंटरला दोरीने बांधलेल्या पेनात रिफिल नव्हती. दोरी मात्र नवी होती. मी शेजारच्या खिशाकडे पाहिले. गृहस्थांनी क्षणभर माझा चेहरा, पडद्यावरचा माझा इतिहास आणि आपले पेन यांचा एकत्रित विचार केला, पेन काढले, त्याचे टोपण काढून घट्ट मुठीत धरले आणि नुसते पेन माझ्या हाती दिले.

"टोपण माझ्याकडे राहू दे," ते म्हणाले. "तारण."

मी सहा ठिकाणी सह्या केल्या, ५,९०० रुपये खात्यातून वळते करण्याला संमती दिली आणि चार मिनिटांत पेन परत केले. त्यांनी ते प्रकाशात धरून शाई किती उतरली ते पाहिले, पिशवीच्या कडेवर एक रेघ ओढून खात्री केली, टोपण लावले आणि पेन खिशात ठेवले. मग उघड्या पुड्याकडे पाहत म्हणाले,

"मुद्दल मिळालं. व्याजाचं काय?"